उसापलीकडचं अंगण

तेजस्विनी पळत आली ती आधी दादाभाऊच्या टॅबमध्ये आली. टॅबमध्ये फाटक होतं, फाटकापुढचा फुफाटा होता आणि बराच वेळ त्या चित्रात हलण्यासारखं काही नव्हतं. दादाभाऊ तरी टक लावून बसला होता, जसं काही त्या फाटकावाचून त्याचं फार मोठं काम अडलंय. मग एकदम चित्रात बाई शिरली. पायात चप्पल नाही, साडीवर नवऱ्याचा जुना शर्ट, कोपरापर्यंत चिखल, कांद्याच्या लागणीतून तशीच उठून आलेली. गालावर उसाच्या पातीनं ओढलेला लाल ओरखडा. म्हणजे रस्त्यानं नाही, सरळ उसातून घुसून आली होती, ज्या उसात बिबट्याच्या भीतीनं भरदुपारीही कोणी एकटं पाय टाकत नाही. ती कडी आडवी ओढत होती. ही कडी आधी वर उचलावी लागते, पण हे फाटक तिनं जन्मात कधी उघडलं नव्हतं, तिला कसं कळावं? कॅमेऱ्याचं चित्र जरा मागून येतं, त्यामुळे तिची हाक आधी खिडकीतून आली आणि मग टॅबमधलं तिचं तोंड उघडलं. "तात्या! ओ तात्या! गाडी हाय ना घरी?" यावर दादाभाऊनं पहिली गोष्ट काय केली, तर टॅब पालथा घातला आणि वर पेपर पसरला. बाहेर बाई जिवाच्या आकांतानं कडी ओढतेय आणि हा शहाणा पेपरच्या घड्या नीट करतोय! मग खुंटीवरची किल्ली घेतली, पायात चपला सरकवल्या आणि गाडीकडे निघाला. काय झालं, कुणाला झालं, हे त्यानं विचारलंच नाही.

हे विचारायचं राहिलं, हे त्याच्या लक्षात आलं ते गाडी रस्त्याला लागल्यावर. शेजारच्या सीटवर तेजस्विनी पुढे वाकून बसली होती. "आई अंगणात पडल्यात, तात्या. तोंड वाकडं झालंय. बोलता येईना," ती म्हणाली, आणि दादाभाऊनं "अरे बापरे" म्हटलं. अरे बापरे! तो शब्द इतका उशिरा आणि इतका पोकळ निघाला की त्याचं त्यालाच कसंतरी झालं. सरूबाई म्हणजे तेजस्विनीची सासू, दादाभाऊच्या चुलतभावाची, सावळारामची, बायको. सावळाराम जाऊन बरीच वर्षं झाली. दोघांची घरं एका हाकेच्या अंतरावर, मध्ये फक्त उसाचं वावर, पण गाडीनं जायचं तर ओढ्यावरच्या पुलापर्यंत जाऊन, पिंपळवंडीच्या रस्त्याला लागून, पुन्हा आत वळावं लागे. हा सगळा वळसा दादाभाऊनंच करून ठेवलेला. भोसरीच्या कंपनीतून रिटायर होऊन तो गावी आला आणि बंगला बांधायला काढला, तेव्हा त्यानं सरकारी मोजणी आणली. मोजणीत बांध सावळारामच्या बाजूला सरकला. किती, तर एक बैलगाडी जाईल एवढा, आणि तेवढीच सावळारामची वाट होती. दादाभाऊनं वाटेवर ऊस लावला. कागदानं तो खरा होता. सावळाराम भांडला नाही, कोर्टात गेला नाही, फक्त बोलायचा थांबला, आणि त्याच्या मागं त्याचं सगळं घर थांबलं. मोहिनीच्या दहाव्याला मात्र सगळी आली होती. घाटावर उभी राहिली, पिंडाला कावळा शिवेपर्यंत थांबली आणि जेवणाच्या पंगती बसायच्या आत निघून गेली. बायकोच्या दहाव्याचं जेवण न जेवता गेलेली माणसं दादाभाऊला घशात काटा अडकावा तशी अडकून राहिली होती.

अंगणात गाडी उभी केली आणि तो उतरला, तर त्याला क्षणभर काही कळेचना. हे अंगण तो ओळखत नव्हता. रोज पाहिलेलं अंगण वरून पाहिलेलं होतं, बंगल्याच्या स्लॅबच्या कोपऱ्यावरून, उसाच्या तुऱ्यांवरून. त्यात तुळस डाव्या हाताला होती, इथे ती उजवीकडे आली. त्यात शेण-मुताचा वास नव्हता, ताडपत्रीवर वाळणाऱ्या तुरीचा खमंग वास नव्हता, आणि माणसं एवढी मोठी नव्हती. ताडपत्रीच्या कडेला लागणीच्या दोन बायका सरूबाईला धरून बसल्या होत्या. तोंडाची उजवी बाजू ओघळलेली, लाळ गळतेय, उजवा हात मांडीवर निर्जीव पडलेला. डोळे मात्र उघडे. ते डोळे फिरत फिरत दादाभाऊवर आले आणि थांबले, आणि तिचा डावा हात हळूहळू वर उठला, खांद्याशी चाचपडला, मानेशी चाचपडला. तेजस्विनी म्हणाली, "काय व्हतंय आई? डोकं दुखतंय का?" दादाभाऊला कळलं काय होतंय ते. ती पदर शोधत होती. दादाभाऊ तिचा थोरला दीर. लग्न होऊन आल्यापासून थोरल्या दिरापुढे सरूबाई डोक्यावर पदर घेतल्याशिवाय कधी आली नव्हती, मोजणीच्या दिवशी बांधावर उभी राहून रडली तेव्हासुद्धा पदर दातात धरूनच रडली. आणि इथे तिचं डोकं उघडं होतं, पांढरे विरळ केस सुटलेले, मधली गुलाबी टाळू दिसतेय. ती टाळू दादाभाऊ रोज पाहत होता. केस धुऊन ती उन्हात बसायची तेव्हा टॅबवर दोन बोटं ताणून ती त्यानं जवळ आणून पाहिली होती. त्यानं मान फिरवली आणि गाडीचं मागचं दार उघडायला गेला. दार आधीच उघडं होतं.

नारायणगावच्या रस्त्याला उसाच्या ट्रॅक्टरांची रांग लागली होती. एकेका ट्रॅक्टरला दोन-दोन ट्रॉल्या, पुढे जायला जागा नाही. दादाभाऊ हॉर्न वाजवत होता आणि आरशात बघत नव्हता. आरशात सरूबाईचं डोकं तेजस्विनीच्या मांडीवर होतं. भरत, म्हणजे सरूबाईचा लेक, टोमॅटो घेऊन मार्केटला गेलेला, तो तिकडून परस्पर दवाखान्यात पोचणार होता. "कवा पडल्या आसतील ओ?" तेजस्विनी मागून म्हणाली. ती दादाभाऊला विचारत नव्हती, स्वतःशीच बोलत होती. "सकाळी डबा बांधून आमी वढ्याकडच्या वावरात गेलो. पाणी काय आलं न्हाई, म्हणलं लाईटच आली नसंल. चहा न्यायला घरी आले तर ह्या आशा. लाईट तर आल्याली. आईंनी मोटारच चालू केली न्हाई." मग ती रडायला लागली. "सकाळपास्नं पडल्याल्या आसतील तर?" दादाभाऊ म्हणाला, "नसंल तसं." त्याला वाटलं आपण फार बोललो, आणि त्यानं जोरात हॉर्न दाबला. पुढच्या ट्रॅक्टरवाल्यानं मागे वळून हात केला, काय उडून जाऊ का, असा.

कॅमेरा त्यानं मागितला नव्हता, हे तो स्वतःला वरचेवर सांगे. मोहिनी गेली आणि त्याच हिवाळ्यात बिबट्यानं पडवीतून कुत्रं उचललं. मुलगा ऋषी वाकडहून आला आणि पोटतिडकीनं म्हणाला, "बाबा, एक तर आमच्याकडे चला, नाहीतर कॅमेरा बसवू द्या." आठव्या मजल्यावरच्या त्या फ्लॅटमध्ये सून प्राची त्याच्याशी फार गोड बोलायची, आणि गोड बोलणं संपलं की आपल्या खोलीत जाऊन लॅपटॉपशी बोलायची. त्यापेक्षा कॅमेरा बरा. फिरता कॅमेरा होता, टॅबवर बोट सरकवलं की मान वळवायचा. पहिले काही दिवस दादाभाऊनं इमानदारीत फाटक पाहिलं, गोठा पाहिला, विहीर पाहिली. आपल्याच घराला बाहेरून बघत बसण्यात काय मजा असते? फाटकातून कोणी येत नव्हतं. मग एकदा बोट जरा जास्त सरकलं आणि उसाच्या तुऱ्यांवरून ते अंगण वर आलं. ताडपत्री, तुळस, वाळत घातलेल्या साड्या, खाटेवर पुस्तक उपडं ठेवून झोपलेली सरूबाईची नात श्रेया, आणि खुद्द सरूबाई. दादाभाऊ दचकला होता. कुणीतरी आपल्याला पाहील म्हणून त्यानं मागे वळून पाहिलं, रिकाम्या बंगल्यात! त्या दिवशी त्यानं लगेच कॅमेरा फाटकावर आणला. दुसऱ्या दिवशी आणला नाही.

पुढे तर रीतच होऊन गेली. टॅब पाण्याच्या तांब्याला टेकवायचा, ताट वाढून घ्यायचं आणि समोर ते अंगण. सरूबाई तुळशीच्या कट्ट्याला टेकून भाकरी खायची, तेव्हाच हाही खायचा. तिनं मिरचीचा ठेचा घेतला तर यालाही ठेचा घ्यावासा वाटायचा. ती तोंड हलवतेय पण कोणाशी, श्रेयाशी का एकटीच, हे ओळखायचा प्रयत्न करायचा. भरतनं मोटरसायकल नवी घेतली, तेजस्विनीनं रागानं बादली आपटली, श्रेया परीक्षेत नापास झाली की काय, दिवसभर पडून राहिली, सगळं त्याला ठाऊक. त्यांच्या घरातल्या कुठल्याच माणसाशी न बोलता तो त्यांच्या घरात राहत होता. संध्याकाळ व्हायच्या आत कॅमेरा पुन्हा फाटकावर वळवायचा, कारण ऋषी ऑफिसातून सुटला की आपल्या मोबाईलवर एकदा चित्र बघे. वळवताना दादाभाऊचं बोट चोरासारखं हळू चाले. अशी लाज त्याला रोज वाटायची आणि रोज जेवायची वेळ झाली की विरघळून जायची. ध्यानीमनी नसताना दिवाळीच्या सुमाराला तेजस्विनीनं साड्या वाळत घालायची दोरी अंगणातून काढून घरामागे नेली, तेव्हा तर त्याला चक्क राग आला होता. काय गरज होती? चांगलं ऊन होतं अंगणात!

भोसरीलाही असंच होतं, कंपनीच्या पाळीवरून आला की गॅलरीत बसायचा आणि समोरच्या बिल्डिंगमधलं स्वयंपाकघर बघायचा. कोण कुठली माणसं, पण त्यांच्याकडे आज पाहुणे आलेत, आज भांडण झालंय, हे तो मोहिनीला आत जाऊन सांगायचा. मोहिनी कणीक मळता मळता म्हणायची, "लोकांच्या घरात काय बघता? जरा आपल्या घरात बघत जा." तिच्या बोलण्यात हसू असायचं म्हणून त्यानं ते कधी मनावर घेतलं नाही. ती वाळत चालली होती. एका सकाळी चहा देताना तिच्या हातातली काचेची बांगडी मनगटावरून सरळ घसरून बशीत पडली, तेव्हा त्यानं तिच्याकडे पाहिलं. पाहिलं म्हणजे खरोखर पाहिलं, किती दिवसांनी कोण जाणे. डॉक्टर म्हणाले, आधी लक्षात नाही आलं का? समोरच्या बिल्डिंगमधल्या बाईचे दिवस भरत आलेत हे लक्षात आलं होतं. आणि स्वतःच्या बायकोच्या पोटात आजार वाढतोय हे नाही. औषधांवर तिनं पुढे गावी काही वर्षं काढली, एवढंच. ट्रॅक्टर एका बाजूला झाला, दादाभाऊनं गाडी पुढे काढली. मागे तेजस्विनी सासूला म्हणत होती, "आलंच, आई, आलंच आता."

दवाखान्यात सगळं भराभर झालं. स्ट्रेचर आलं, मेंदूचा फोटो काढायला नेलं, भरत धापा टाकत पोचला, शर्टाला टोमॅटोचा वास. दादाभाऊ भिंतीच्या कडेला उभा राहिला, तिथून त्याला जाता आलं असतं. गाडी दिली, पोचवलं, काम झालं. भरतनं तर कित्येक वर्षांनंतर पहिल्यांदा त्याच्याकडे पाहून हात जोडले. "तात्या, लई उपकार झालं." तेवढ्यात डॉक्टरीण बाई बाहेर आल्या. तरुण होत्या, बोलणं घाईचं पण स्वच्छ. "मेंदूत रक्ताची गुठळी अडकलीय. ती विरघळवायचं इंजेक्शन आहे माझ्याकडे. लवकर दिलं तर हात-पाय, बोलणं परत यायची चांगली आशा आहे. पण झटका आल्यापासून साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं. उशिरा दिलं तर मेंदूत रक्तस्राव होऊन जीव जाऊ शकतो. म्हणून मला अंदाज नकोय, नक्की सांगा. शेवटचं धडधाकट त्यांना कुणी पाहिलं? कधी?" भरतनं तेजस्विनीकडे पाहिलं. तेजस्विनी म्हणाली, "सकाळी. आमी लागणीला निघालो तवा. आठ वाजलं आसतील." डॉक्टरबाईंनी घड्याळाकडे पाहिलं आणि नुसती मान हलवली. "मग नाही देता येणार. इतर औषधं चालू करते." आणि त्या वळल्या.

इथे दादाभाऊचं काय झालं ते सांगायचं तर, काहीच झालं नाही, आणि तेच वाईट. तो उभाच राहिला. डॉक्टरबाईंची पाठ दाराकडे चालली होती आणि त्याच्या मनात काय आलं? आलं की, आता कुणाला काही कळणार नाही. सरूबाई जगली तर लुळी होऊन जगेल, तिला बोलता येणार नाही, आणि गावात आपली मान ताठ राहील. हा विचार त्यानं केला नाही, तो आपोआप आला, आला आणि इतका सरळ उभा राहिला की दादाभाऊला स्वतःची किळस आली. अशा माणसाला मोहिनीनं जन्मभर जेवू घातलं! "बाई, थांबा," तो म्हणाला. आवाज असा घोगरा निघाला की सगळ्यांनी वळून पाहिलं. "मी पाहिलं व्हतं त्यांना. दुपारी. चांगल्या व्हत्या. दीड वाजता लाईट आली, तवा चालत व्हत्या." डॉक्टरबाई परत फिरल्या. "तुम्ही कोण?" "चुलत दीर. शेजारी ऱ्हातो." "दीड वाजता तुम्ही स्वतः पाहिलं? कुठून?" "बांधावरनं," तो म्हणाला. "बांधावर गेलो व्हतो, तिथनं दिसल्या."

डॉक्टरबाईंनी सुटकेचा श्वास सोडला. त्यांना काय, बांध म्हणजे बांध. भरतचाही चेहरा उजळला. तेजस्विनी मात्र दादाभाऊकडे बघत राहिली. तिच्या गालावरच्या ओरखड्यातून रक्त येऊन सुकलं होतं. "तात्या," ती हळू आवाजात म्हणाली, "ऊस उभा हाय." एवढंच. डॉक्टरबाईंना त्यातलं काही समजलं नाही, पण पिंपळवंडीच्या मळ्यातल्या पोराटोरालाही समजलं असतं. तोड अजून आलेली नाही, ऊस दोन पुरुष उंच उभा आहे, आणि बांधावर उभं राहिलेल्या माणसाला त्या उसातून पलीकडचं अंगण तर सोडाच, आपला स्वतःचा हात लांब केला तर तो दिसत नाही. भरतही आता बघायला लागला. "हे बघा," डॉक्टरबाई जरा कडक झाल्या, "चुकीची वेळ सांगितलीत तर माझ्या इंजेक्शननं त्या जातील. पाहिलं की नाही पाहिलं?" तेजस्विनी डोळे न हलवता म्हणाली, "खरं सांगा, तात्या. आईंच्या जिवाचा प्रश्न हाय. काय आसंल ते सांगा."

"कॅमेऱ्यातनं," दादाभाऊ म्हणाला. बोलला आणि त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाकावर बसलेली कुणाची तरी माणसं होती, तीही ऐकत होती. "बिबट्याचा कॅमेरा हाय माझा. तो मी यांच्या अंगणात फिरवतो. रोज बघतो." आणि मग एकदा तोंड उघडल्यावर ते त्याला बंद करता येईना. डॉक्टरबाईंना फक्त एक वेळ हवी होती, पण दादाभाऊ सकाळपासून सांगत सुटला. "सकाळी ह्या सगळ्या गेल्यावर त्यांनी केस धुतलं. मंग तुळशीपाशी बसून विंचरलं. विंचरताना हसल्या कशाला तरी, एकट्याच. मंग ताडपत्री टाकून तुरीच्या शेंगा बडवल्या, बसूनच, गुडघा दुखतो त्यांचा. मधी उठून शेळीला पाला टाकला. भाकरी खाल्ली, अर्धी फडक्यात बांधून ठिवली. पाणी प्यायल्या. उजव्या हातानं प्यायल्या, तांब्या वरनं धरून, थेंब सांडला न्हाई. मंग लाईट आली. माझ्या विहिरीवरची मोटार चालू झाली, ती ऑटोवर हाय, लाईट आली की आपोआप सुरू व्हती, त्यामुळं कळलं. यांचा ऑटो बिघडलाय, म्हणून त्या उठल्या स्टार्टरकडं जायला. चार पावलं चांगल्या चालल्या, मंग उजवा पाय ओढायला लागल्या, मंग खाली बसल्या, मंग आडव्या झाल्या." तो थांबला. एवढं कोणाच्या तरी दिवसाविषयी तो याआधी कधी बोलला नव्हता. मोहिनीचा एक दिवस त्याला असा सांगता आला नसता.

भरतच्या मानेच्या शिरा ताठ झाल्या होत्या. तो एक पाऊल पुढे आला, पण तेजस्विनीनं त्याचा दंड धरला. "मला ठाऊक हाय कॅमेऱ्याचं," ती डॉक्टरबाईंना म्हणाली. "तो आमच्याकडं फिरतो ते दिसतं मला. त्यांनी पाहिलं म्हणत्यात तर पाहिलं. द्या इंजेक्शन." म्हणजे ठाऊक होतं! साड्यांची दोरी घरामागे गेली ती उगाच नाही. दादाभाऊला वाटलं, फरशी दुभंगावी आणि आपण आत जावं. डॉक्टरबाईंनी घाईघाईनं विचारलं, "पडल्यावर शुद्ध होती? हात हलवत होत्या?" "डावा हलवत व्हत्या," दादाभाऊ म्हणाला. "वेळ आहे अजून," त्या म्हणाल्या, भरतला सही करायला बरोबर घेतलं आणि दार त्यांच्या मागे बंद झालं.

बाकावर तेजस्विनी आणि दादाभाऊ दोघंच उरले, मध्ये एक माणूस बसेल एवढी जागा सोडून. हातावरचा चिखल वाळून तिच्या कोपराला भेगा पडल्या होत्या, तो ती नखानं खरवडत होती. "आईंना मी सांगितलं नव्हतं," ती म्हणाली. "सांगितलं आसतं तर त्या उन्हात बसायच्या बंद झाल्या आसत्या. तेवढंच ऊन त्यांना." दादाभाऊला सांगायचं होतं की मी वाईट नजरेनं कधी पाहिलं नाही, मला फक्त कुणाबरोबर तरी जेवायचं होतं. पण हे बोलण्यासारखं नव्हतं, आणि खरं असलं तरी कुणी ऐकून घ्यावं असंही नव्हतं. मघाशी सरूबाई आडवी झाली तेव्हा त्याच्या हातात घास होता. तो घास त्यानं खाल्ला. ऊन खात पडली असेल म्हणाला स्वतःला, ताट धुतलं, पुसलं, फडताळात ठेवलं, पुन्हा येऊन पाहिलं. गेलो तर विचारतील, तुम्हाला कसं कळलं? या एका प्रश्नापाशी त्याचे पाय जे अडकले ते अडकलेच. शेवटी त्यानं बोट सरकवून कॅमेरा तिच्यावरून काढला आणि स्वतःच्या फाटकावर नेऊन ठेवला. तेजस्विनी पळत येईपर्यंत तो त्या फाटकाकडेच बघत बसला होता.

आत इंजेक्शन चालू झालं असं भरतनं दारातून खुणेनं सांगितलं आणि तो परत आत गेला. तेजस्विनीनं डोळे मिटून हात जोडले. मग तिनं पदरानं तोंड पुसलं आणि पहिल्यांदा दादाभाऊकडे सरळ तोंड करून बसली.

"डावा हात हलवत व्हत्या म्हणला तुमी."

"व्हय."

"कसा?"

दादाभाऊनं आपला हात जरासा उचलून दाखवला आणि लगेच खाली घेतला.

"मंग का आला न्हाई?"

तिच्या आवाजात राग नव्हता. तिला खरंच कळत नव्हतं, म्हणून ती विचारत होती. राग असता तर बरं झालं असतं. दादाभाऊ समोरच्या भिंतीकडे बघत म्हणाला, "मला वाटलं, कोंबड्या हाकलत्यात."

"कोंबड्या दिवाळीआधीच बिबट्यानं नेल्या, तात्या. एक ऱ्हायली न्हाई."

"म्हाईत हाय मला," दादाभाऊ म्हणाला. "खुराड्यात तुमी आता सरपण ठिवता."